विहिरीने काय विचारलं

आमच्या डिंडोलीत चीर दिसली की बायका आधी घरात पळतात, आभाळाकडे नंतर बघतात. भर दिवसा निळ्या आभाळात उभी काळी रेघ पडते. लूमवर ताण्याचा एक उभा धागा तुटला आणि कारागिराचं लक्ष नसलं की कापडात पडते, तशीच. तासाभरात बुजते. टीव्हीवाले तिला काहीतरी लांबलचक नाव देतात, वरच्या धुळीचं कारण सांगतात. सांगोत बापडे! ती कशाने पडते ते आम्हाला पक्कं माहीत आहे. कुणाचं तरी डोकं रिकामं झालं आणि दुसऱ्या कुणालाच येत नसलेली गोष्ट त्याच्याबरोबर संपली. माणूस तर कधीकधी जिवंत असतो, खाटेवर बसून चहा पीत असतो. म्हणून आधी घरात पळायचं, म्हाताऱ्या माणसाला हलवायचं आणि म्हणायचं, काहीतरी सांग, लवकर सांग.

माझी माय दोन वर्षांपासून विसरत चालली होती. तेव्हापासून मला एक दिवस धड चैन नव्हती. साड्यांवर स्टोन चिकटवायचं काम मी घरीच करते. पाच-दहा स्टोन लावले की उठायचं, गॅलरीत जायचं, वर बघायचं, परत येऊन बसायचं. तोवर गम वाळून गेलेला. शेजारीण म्हणायची, "अगं, मान मोडेल." मी म्हणायचे, "माझी मोडेल ना? तू तुझं दूध बघ, उतू चाललंय."

मायजवळ एक गोष्ट होती, तिला तिच्या आईकडून आलेली. सात जावांतली धाकटी सगळ्यांचे टोमणे ऐकून विटते आणि कोरड्या विहिरीत जाऊन बसते. विहीर म्हणते, मी एक विचारते, उत्तर दिलंस तर पाणी देईन, नाहीतर तुला गिळीन. इथपर्यंत मला येतं. पुढे दर वेळी मला झोप लागायची. लहानपणी कुणाला वाटतं की आई संपेल म्हणून?

आता अडचण अशी, की गोष्ट दिवसा सांगायची नसते. दिवसा सांगितली की मामाची वाट चुकते, हे आमच्याकडे पोराटोरांनाही ठाऊक. सांगायची ती दिवेलागणीनंतर. आणि मायचं डोकं जाग्यावर असायचं ते नेमकं सकाळी. दहा-अकरापर्यंत ती तांदूळ निवडायची, भाजीत मीठ कमी पडलं म्हणून मला झाडायची. दिवे लागले की मलाच विचारायची, "तुम्ही कोन व, बाई?"

सकाळी हातापाया पडावं तर म्हणायची, "दिनमा गोट नई सांगतस व. तुना मामा वाट चुकी जाई." मामा जाऊन तीन वर्षं झाली होती! तिच्यासमोर गेला. पण ते तिच्या डोक्यातून पुसलं गेलं होतं, आणि तिच्या लेखी तो अजून खांद्याला पिशवी अडकवून भुसावळच्या गाडीने यायचाच होता. कपाळ माझं! मी एकदा सकाळी नऊला खिडक्या लावल्या, पडदे ओढले, देवापुढे दिवा लावला आणि म्हटलं, "झाली बघ संध्याकाळ." तिने पडदा उचलला, खाली शाळेची रिक्षा उभी. "माले येडी समजस का व?" म्हणून ती इतकी हसली की मलाही हसू आलं.

मग एक दिवस शेजारच्या गोडादऱ्याच्या बाजूला चीर पडली. आमची नव्हती, तरी दुसऱ्या दिवशी सकाळी मी कामाला हातच लावला नाही. मायसमोर बसले आणि म्हटलं, फक्त एवढं सांग, विहिरीने काय विचारलं? पूर्ण गोष्ट नको. तिचं तेच. दिवसा नाही, मामा वाट चुकेल. दहा वेळा विचारलं, दहा वेळा तेच. माझं डोकंच फिरलं.

"मामा मेला!" मी ओरडले. "तीन वर्षं झाली. तूच त्याच्या तोंडात पाणी घातलंस. आता कुणाची वाट चुकायची राहिलीय?"

तिच्या हातातलं सूप खाली आलं. "माले कोनीच सांगं नई," ती म्हणाली. मग एकदम घाबरून, "अन् मी भाकर खादी?" भावाचं सुतक, आणि तिने सकाळीच दुधात भाकर कुस्करून खाल्ली होती. ती भिंतीकडे तोंड करून बसली. मी तिचे पाय धरले, खोटं बोलले म्हटलं, मामाचा आत्ताच फोन आला होता म्हटलं. तिला काही ऐकू जात नव्हतं. मला स्वतःची इतकी घाण वाटली! गोष्ट गेली खड्ड्यात, तिने नुसतं मिठावरून मला दोन शब्द बोलावेत, एवढंच मला हवं होतं.

अकराच्या सुमारास गल्लीत आरडाओरडा झाला. दारं आपटली, बायका घरात पळाल्या. मी गॅलरीत गेले. चीर आमच्या बिल्डिंगच्या बरोबर वर होती. मी पळाले नाही. कुठे पळणार?

मागून माय आपली आपणच उठून आली. कठडा धरून, डोळ्यांवर हात घेऊन वर बघत राहिली. "कोनी तरी माय गयी व," ती म्हणाली आणि तिने हात जोडले. मग माझे डोळे बघून अगदी हळू आवाजात मला विचारलं, "तुमनी वळखनी व्हती का, बाई?"

मी "हो" म्हणाले.