माझ्या नावाचं पत्र

लग्नानंतर मी साताऱ्याकडून कासारवाडीला आले. ह्यांना पिंपरीच्या एका कारखान्यात काम लागलं होतं. गावातल्या एका शेतकरी घरात आम्ही खोली भाड्यानं घेतली होती. घरमालकीण साठीच्या पुढच्या. त्यांना सगळे आक्का म्हणत. दिवस मजेत चालले होते. हे स्वभावानं गरीब, कधी आवाज चढवत नसत.

एकदा विहिरीवर धुणं धुताना ह्यांच्या सदऱ्याच्या खिशातून निळं अंतर्देशीय पत्र निघालं. चिंब भिजलेलं. आईचं होतं. वर नाव माझं, पण उघडलेलं. शाई पसरली होती. धाकट्या बहिणीला मुलगी झाली, एवढंच वाचता आलं. तारीख दहा दिवसांपूर्वीची.

मी सदरा जोरजोरात बडवत होते. आक्का शेजारी पाणी शेंदत होत्या.

"अगं, फाडायचा हाय व्हय त्यो?"

मी सांगितलं. सांगताना रडू येईल असं वाटलं होतं, पण आलं नाही. कान मात्र तापले होते.

"मग त्याला सांग की," त्या म्हणाल्या. "सदऱ्याला बडवून काय उपेग?"

संध्याकाळी हे जेवायला बसले, तेव्हा मी विचारलं, "माझं पत्र तुम्ही का उघडलंत?"

"पोस्टमन वाण्याकडे ठेवून गेला होता. वाचलं आणि सांगायचं राहिलं. त्यात काय एवढं?"

"मला वाचता येतं. बहिणीला मूल झालेलं मला धुण्याच्या दगडावर कळतं, ते तुम्हाला बरं वाटतं का?"

माझा आवाज एवढा चढला की माझं मलाच नवल वाटलं. माझी आई रागावली की दोन दोन दिवस बोलायची नाही. बायकांचा राग असाच असतो, असं मी धरून चालले होते.

ह्यांनी हातातला घास ताटात ठेवला. मग हळूच म्हणाले, "चुकलं माझं."

मी गरम भाकरी वाढली. त्यांनी दोन खाल्ल्या. मीही पोटभर जेवले.

पुढचं पत्र त्यांनी न उघडता माझ्या हातात दिलं आणि पाय धुवायला गेले. मी उंबऱ्यात बसून ते दोनदा वाचलं, मग त्यांना मोठ्यानं वाचून दाखवलं. रविवारी मी उत्तर लिहायला बसले, तर हे जवळ येऊन म्हणाले, "मीही दोन ओळी लिहू का?"

मी खाली चार बोटं जागा सोडली. त्यांचं अक्षर बारीक; दोनाच्या पाच ओळी झाल्या.