आमचे केळीचे व्यापारी

माझ्या मेहुण्यांइतकं खानदेशाला कुणी रडवलं नसेल, आणि तेही दुपारची जेवणं आटोपल्यावर. ते टीव्हीवरच्या दुपारच्या मालिकांना संगीत देतात. हे मी चारचौघांत कधी सांगितलं नाही, उलट एकदा लपवलं, आणि ती चूक माझ्या मनातून अजून गेलेली नाही.

असोद्याच्या त्यांच्या घरी मागच्या खोलीला त्यांनी, बाहेरचा आवाज येऊ नये म्हणून, आतून गोधड्या ठोकल्या आहेत. तिथं बसून मुंबईहून आलेल्या प्रसंगांना ते सूर चढवतात. त्यांच्या चालींना रागांची नावं नाहीत. 'सासू दारामागे', 'खीर सांडली', 'डॉक्टर मान हलवतात' अशी आहेत. सवय इतकी मुरलेली, की घरात कुणी बोलता बोलता थांबलं तरी यांची बोटं टेबलावर सुरू. माझी बायको एकदा "गॅस संपला" म्हणाली, तर यांनी ताटावर चमचा असा काही आपटला की माझी आई देवघरातून धावत आली. कुठं वाजवायचं हे कसं ठरवता, असं मी एकदा विचारलं. "सोपं आहे दाजी. माणूस खोटं बोलला की वाजवायचं. खरं बोलला की हात मांडीवर."

माझ्या मुलीला बघायला धुळ्याची मंडळी आमच्याकडे जळगावला आली. मोठी दुकानदार माणसं. "मुलीचे मामा काय करतात?" मुलाच्या वडिलांनी विचारलं. मालिकांचं संगीत म्हटलं तर स्थळ हातचं जाईल, अशी भीती मला वाटली. "केळीचा व्यापार," मी म्हणालो. मेहुण्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. फक्त सोफ्याच्या हातावर त्यांची बोटं हळूच चालू झाली. मग केळीवरचा करपा रोग, पाणी, ट्रक यांवर ते इतकं ठामपणे बोलले की मलाही ते खरं वाटू लागलं.

एवढ्यात मुलाची आजी, सोनगीरची अक्का, आतल्या टीव्हीसमोरून पदरानं डोळे पुसत बाहेर आली. "हाई वाजाडणारा कोन शे? रोज माले रडाडस मेला."

आत मेहुण्यांचीच चाल वाजत होती. "असेल कुणीतरी, अक्का," ते म्हणाले, आणि पुन्हा केळीकडे वळले.

लग्न ठरलं. व्याह्यांनी पंगतीसाठी केळी मामांकडूनच मागितली. मेहुण्यांनी गावातून विकत घेऊन टेम्पो पाठवला आणि मला एका शब्दानं बोलले नाहीत.

धुळ्याच्या मंगल कार्यालयात भाचीला मांडवात आणताना त्यांनी बँडवाल्यांना हातानं थांबवलं. "सून आली की मी नेहमी संकट वाजवतो," ते मला म्हणाले. "हिला शांतच येऊ द्या." त्या शांततेत माझं खोटं मलाच फार मोठ्यानं ऐकू येऊ लागलं.

अक्षता पडल्यावर मी त्यांना अक्काच्या खुर्चीपाशी नेलं. "अक्का, तुम्हाला रोज रडवतात ते हे. केळीचं मी खोटं सांगितलं होतं."

अक्का त्यांच्याकडे बघत राहिली. "मंग केयी कोन इकस?"

"केळी कुणीच विकत नाही, अक्का," मेहुणे म्हणाले.

तिनं त्यांना हाताला धरून शेजारी बसवलं आणि मालिकेतली धाकटी सून वाचणार की नाही, ते विचारत बसली.

पंगती उठल्या. मेहुणे अजून त्याच खुर्चीत होते. मी समोर जाऊन उभा राहिलो. "भाऊ, मला तुमची लाज वाटली होती. चुकलो मी. माफ करा."

मी त्यांच्या हातांकडे बघत होतो. दोन्ही हात मांडीवर होते, आणि बोटं हलली नाहीत.