करकरणारं दार

सिनेमावाले तिला भंगारताई म्हणायचे आणि तिला त्याचं काडीचंही वाईट वाटत नसे. शूटिंगसाठी घरं उभी करायची हा तिचा पेशा. कालच ठोकलेलं घर पन्नास वर्षांचं दिसायचं तर भंगाराची दुकानं पालथी घालावीच लागतात. ती स्वतःचं घरही सोडत नसे. आईची किसणी तीन सिनेमांत काम करून परत आली होती, आणि आई ते येईल त्याला सांगायची.

बाबांपुढे मात्र तिची मात्रा चालत नसे. बाबा सुतार, उभा जन्म लोकांची दारं-खिडक्या करण्यात गेलेला. कॅमेऱ्यासाठी चौथी बाजू उघडी ठेवतात हे कळल्यापासून ते म्हणत, तीन भिंतींचं घर, ते पण आठ दिवसांत पाडायचं, याला काम कोण म्हणेल? बावीस वर्षं ती हे हसण्यावारी नेत आली. पण एकदा तरी त्यांनी आपलं काम मानावं, असं तिला फार वाटायचं. म्हणून या खेपेला ती त्यांना सेटवर घेऊनच आली.

घर होतं एकट्या म्हातारीचं. दार करकरलं की तिनं मागे न बघता ओळखायचं, मुलगा आला. त्या करकरीसाठी भंगारताई दोन दिवस बिजागऱ्यांशी झटत होती. बाबा आतून घर बघत राहिले. दिव्याच्या बटणाभोवती तिनं मळक्या बोटांचे डाग पाडले होते, त्यांवरून त्यांनी हात फिरवला. तिला कोणीतरी हाक मारली म्हणून ती गेली.

शॉट सुरू झाला. दार उघडलं ते मुक्यासारखं. म्हातारी पाठमोरी बसून वाट बघतेय आणि मुलगा दारात ताटकळतोय. दिग्दर्शकानं कपाळाला हात लावला. भंगारताईनं बिजागरी पाहिली. तेलानं चकाकत होती. मग तिनं बाबांकडे पाहिलं. ते छोटी बाटली खिशात ठेवत होते.

तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "बाबा, हे काय केलंत?"

"अगं, म्हातारी बाई एकटी राहते. रोज ते दार ओढायचं तिनं? म्हटलं, दोन थेंब सोडावेत."

तिनं ती करकर कशासाठी हवी होती ते त्यांना समजावलं. प्रकार कळल्यावर बाबा ओशाळले. मग त्यांनीच बिजागरीची खीळ काढून कोरडी पुसली, तिला राळेची पूड चोळली आणि दार असं करकरलं की दिग्दर्शकही खूश झाला.

हात पुसत बाबा वळले आणि समोरचे दिवे, कॅमेरा, माणसं बघत थांबले.

"इकडची भिंत कुठे गेली गं?"

"ती नव्हतीच, बाबा."

"हो की," ते म्हणाले. "माझ्या लक्षातच आलं नाही."