संकल्पातलं नाव

त्या नवरात्रात मी देवीवर रुसले होते. घट बसवला, उपास धरले, पण हात जोडले की तोंडातून तक्रारच यायची. चाकणच्या कंपनीत कित्येक वर्षं पत्रा दाबायची पाच नंबरची प्रेस मशीन चालवत होते, तरी मला हाक यायची ती 'प्रेस पाच' अशीच. कॉन्ट्रॅक्टच्या बाईचं नाव लक्षात ठेवायला कुणाला वेळ आहे? सुपरवायझर बदलले, मशीनला नवा रंग लागला, माझी हाक तीच राहिली. गावी लातूरकडे निदान गल्लीतलं कुत्रंही मला ओळखतं. शेवटी देवीला सांगून टाकलं, दसऱ्यापर्यंत वाट बघते. तोवर इथे मी कुणी आहे असं वाटलं नाही, तर काम सोडून गावी निघाले.

खंडेनवमीला कंपनीत मशीनची पूजा असते. आदल्या दिवशी मी प्रेस पुसून लख्ख केली. जायचं असलं तरी घाण मशीन मागे ठेवून जाणार नाही, हा माझा हट्ट. सकाळी झेंडूचं तोरण बांधलं आणि सवयीने मागे जाऊन उभी राहिले. माझी प्रेस दारालगत, म्हणून पूजा तिच्यापुढेच मांडतात, पण पाटावर दरवर्षी साहेब बसतात.

यंदा साहेब चाकण चौकातल्या ट्रॅफिकमध्ये अडकले. पूजा उरकून घ्या, असा त्यांचा फोन आला. कुणी बसायचं म्हणून सगळे एकमेकांकडे बघू लागले. तळेगावहून आलेले गुरुजी नवे होते. त्यांनी विचारलं, "हे मशीन चालवतं कोण?"

सगळे माझ्याकडे वळले. बाईमाणूस कसं बसणार, असं कुणीतरी पुटपुटलं.

गुरुजी म्हणाले, "नवरात्र देवीचंच आहे ना? या ताई, बसा."

हातावर पाणी घालून त्यांनी संकल्पासाठी नाव-गोत्र विचारलं. नाव आधी हळूच सांगितलं, मग पुन्हा मोठ्याने. गोत्र मात्र ठाऊक नव्हतं.

"मग काश्यप म्हणू. ज्यांना माहीत नसतं, ते सगळे काश्यप."

आणि कंपनीच्या त्या पत्र्याच्या शेडखाली, मंत्राच्या मधोमध, माझं नाव उच्चारलं गेलं. मला रडू आवरेना. देवी इतके दिवस ऐकत होती तर.

ते गुरुजी पुन्हा आले नाहीत. दसऱ्यानंतर मी कामावर गेले. 'प्रेस पाच' अशी सुपरवायझरची हाक आली, तेव्हा मान वर न करता मी म्हणाले, "भाऊ, नावाने हाक मारा, मग येते." त्याला नाव विचारावं लागलं. मी सांगितलं. पुढेही तो विसरला की सांगत राहिले.

देवीला मुदत घालणं मात्र सोडलं. आता मशीन सुरू करण्याआधी हात जोडते, मनात माझं नाव आणि काश्यप गोत्र सांगते, आणि कामाला लागते. मागत काही नाही.