टोपीतलं अंडं

दुष्काळात माणसं पाणी साठवत होती, मी जादूच्या प्रयोगांच्या व्हिडिओ कॅसेटी साठवत होतो. साठवत म्हणजे, दोनच होत्या. त्यातल्या एकीत जादूगार डोकं कापायचा आणि नेमकी तिथंच टेप गुंतायची. डोकं परत बसलं की नाही, आमच्या घरात आजवर कुणाला माहीत नाही.

तिसरी कॅसेट मी स्वतःच तयार करायची ठरवली. सास्तूरला मेव्हणीचं लग्न होतं. शूटिंगवाला होताच, शिवाय वऱ्हाडाच्या करमणुकीला अणदूरकडचा एक जादूगार येणार होता. तो रिकाम्या टोपीतून अंडं काढायचा.

सासरे गावच्या दूध सोसायटीचे चेअरमन. म्हणाले, "जावईबापू, मंतर हाय तो. क्यामेऱ्यात घावत न्हाय."

"मामा, अंडं बाहीत असतंय. कॅसेट थांबवून दाखवतो."

"आन न्हाय दाखवलं तर?"

"तर तुमच्या धाकट्याच्या लग्नात मी पंगतीला पाणी वाढीन!"

बायकोनं कपाळाला हात लावला. जावयानं पाटावर बसून नको-नको म्हणत खायचं असतं. त्यानंच पाण्याचा जग घेऊन वाढायचं म्हणजे जावईपण बुडालंच की!

लग्नानंतर सोसायटीच्या खोलीत भाड्याचा व्हिडिओ लावला. सगळे पाहुणे दाटीवाटीनं बसले. पडद्यावर जादूगारानं रिकामी टोपी दाखवली. बाही हलली. मी झडप घालून बटण दाबलं.

पडद्यावर टॉवेल होता. नुसता टॉवेल. आहेराचा, गुलाबी, घडीसकट. जादूगाराच्या खांद्यावरून पार मनगटापर्यंत आलेला. आणि तो पांघरणारे हात सासऱ्यांचे.

"मामा, तुम्हीच आडवे आलात!"

"मग? कलाकाराला बिनआहेराचा धाडू व्हय?"

मागून कुणीतरी म्हणालं, "टॉवेल मात्र लई झ्याक आलाय."

धाकट्या मेव्हण्याच्या लग्नात मी धोतर खोचून जग घेतला. पाणी टँकरचं, म्हणून अर्धाच ग्लास भरायचा हुकूम. निम्मी पंगत मला चिक्कू म्हणाली, उरलेली निम्मी जेवण सोडून माझ्याकडं बघत बसली. तोच जादूगार पुन्हा आला होता. शूटिंगवाल्याला मी आधीच हात जोडले होते, "बाबा, बाहीवरनं नजर काढू नकोस. आहेर-बिहेर गेला खड्ड्यात."

कॅसेट आली. लावली. त्यात मी होतो. वाकलेला मी, पाणी सांडणारा मी, एका आजोबांच्या भातात पाणी ओतणारा मी. अंड्याच्या फक्त टाळ्या ऐकू आल्या.

शूटिंगवाल्याला जाब विचारला, तर तो म्हणाला, "दाजी, अंडं तर कोंबडी बी देती. जावई पाणी वाढताना म्या जन्मात पहिल्यांदा बघितला."

ती कॅसेट माझ्या संग्रहात नाही. सासऱ्यांनी मागून नेली. नवा पाहुणा आला की आधी चहा, मग ती कॅसेट. मी वाकलो की ते बटण दाबून थांबवायचे आणि म्हणायचे, "ह्याला म्हणत्यात जादू."