मी होच म्हटलं होतं

आमच्या राजुरीकडं प्रेम करायचे, बोलायचे नाहीत. नव्वदीतली गोष्ट. शेजारच्या मळ्यातल्या काकूंचा भाचा सुट्टीत वारूळवाडीहून आत्याकडं यायचा आणि टोमॅटोच्या तोडणीला आमच्याही रानात हात लावायचा. सरी धरायचा ती माझ्या शेजारची. माझं भरलेलं कॅरेट उचलून बांधावर नेऊन ठेवायचा. बोलायचा मात्र माझ्या आईशी. मीही जेवणात खरपूस भाकरी त्याच्याच वाट्याला जाईल असं बघायचे. आम्हाला सगळं कळत होतं हो!

मग तो शिकायला पुण्याला गेला आणि दिवाळीत शहाणा होऊन आला. तिकडं म्हणे पोरंपोरी पुलावर गाडी लावून बसतात आणि जे असेल ते तोंडावर सांगून मोकळी होतात. भर तोडणीत यानं मला विचारलं, "तू मला आवडतीस. लग्न करशील का? हो का नाय, सांग."

अगं बाई! असं कुणी विचारतं का? मान खाली घालून मी तोडत राहिले, हिरवेगार कच्चे टोमॅटोसुद्धा. त्यावरून आईनं नंतर झापलं ते वेगळंच. तो जरा वेळ थांबला आणि निघून गेला.

मला वाटलं, जमलं! आमच्याकडं पोरगी गप्प राहिली की होकारच धरतात, पुढचं बोलायला मोठी माणसं येतात. मी काकूंची वाट बघत बसले. काकू यायच्या, पण विरजण मागायला. उन्हाळा आला तरी तो काही फिरकला नाही.

पुढं मला पुण्यात दिली. नवरा चांगला आहे. मोबाईल घेतल्यापासून ऑफिसातून 'लव्ह यू' म्हणतो, मीही 'लव्ह यू टू' म्हणून कुकर लावते. बोलणं इतकं सोपं असतं, हे तेव्हा कळलं नाही म्हणून फार जीव जळतो.

एका चतुर्थीला ओझरच्या देवळाबाहेर तो भेटला. बायको नारळ घ्यायला गेली होती. इकडचं तिकडचं झाल्यावर म्हणाला, "तू तवा नाय म्हणालीस, लई लागलं व्हतं मला."

"मी? कधी म्हणाले?"

"कायच बोलली न्हाईस. म्हंजी नायच की."

माझा तोल सुटला. "आरं मेल्या, नाय म्हणायचं असतं तर शिव्या नसत्या का घातल्या तुला!"

त्याचा चेहरा खर्रकन उतरला. तेवढ्यात बायको नारळ घेऊन आली. "कोण ओ या?" तिनं विचारलं.

"आत्याच्या गावच्या," तो म्हणाला.