जेमिमाआत्याची राळ

माझी आत्या जेमिमा गोड बाई नव्हती, हे आधीच सांगून टाकते. ती गेल्यापासून जो तो तिच्याबद्दल हळवा होऊन बोलतो, आणि ते ऐकून माझ्या अंगाचा तिळपापड होतो. ती फटकळ होती, हट्टी होती, आणि कुणाविषयी मनात डूख धरला की तो सोडत नव्हती. मला ती तशीच आवडायची. मीही तिच्याच वळणावर गेले आहे असं माझा नवरा म्हणतो, आणि तो काही कौतुकानं म्हणत नाही.

तेव्हा आमच्या नदीवर कापडाच्या होड्या आल्या नव्हत्या. सगळा कारभार भूर्जाच्या सालीच्या होड्यांवर. होडी पुरुष बांधतो असं उत्तरेच्या रानातल्या आम्हा क्री लोकांत म्हणतात, आणि पुरुष ते छाती फुगवून ऐकून घेतात. करतात काय ते? भूर्जाचं चांगलं झाड हेरतात, बुंध्याशी चिमूटभर तंबाखू ठेवून त्याची परवानगी मागतात, साल सोलून आणतात, सीडरच्या लाकडाच्या फासळ्या वाकवून बसवतात. नाही म्हणत नाही, कष्टाचं काम आहे. पण होडीत पाणी येऊ नये याचं काय? ते बायकांनी बघायचं. स्प्रूसच्या झाडाची मुळं उकरा, सोला, मधोमध चिरा, भिजत घाला. आरीनं भोकं पाडून साल त्या मुळांनी शिवा. मग स्प्रूसची राळ कढवून, चरबी आणि कोळशाची पूड घालून ती प्रत्येक शिवणीवर भरा. एक शिवण सुटली तर छाती फुगवणारा तळाशी जातो.

राळेत अस्वलाची चरबी किती घालायची, सगळं कसब त्यात आहे. कमी पडली तर बर्फ वितळलेल्या पाण्यात राळ तडकते. जास्त झाली तर उन्हात ओघळते. आत्या सालीच्या पट्टीवर गरम राळ फासायची, पट्टी गार पाण्यात बुडवायची आणि बाहेर काढून वाकवायची. तडा गेला तर चरबी थोडी वाढवायची, पुन्हा पट्टी. दहादा करायला लागलं तरी दहादा करायची. शेजारच्या नद्यांवरची माणसंसुद्धा होडी घेऊन तिच्याकडे यायची.

मी पंधरा वर्षांची होते तेव्हा माझा बाप गेला. जोएल त्याचं नाव, आत्याचा धाकटा भाऊ. नदीवरचा बर्फ नुकता फुटला होता. तो आणि त्याचा जोडीदार सायलस हिवाळ्यातली कातडी घेऊन खाली येत होते. मोठ्या उतारावर, जिथं नदी खडकांवरून कोसळते, तिथं माझा बाप होडीतून फेकला गेला आणि नदीच्या मधोमध एका खडकाला धरून राहिला. सायलस होडीसकट खालच्या शांत पाण्यात जाऊन पोचला. आमच्यातल्या पोरालाही ठाऊक आहे अशा वेळी काय करायचं. होडी खांद्यावर घेऊन काठाकाठानं वर जायचं, आणि तिथून ती दोराला बांधून हळूहळू खडकापर्यंत सोडायची.

सायलस एकटाच घरी आला. होडी नाही, माझा बाप नाही. सगळ्यांसमोर डोळे पुसत त्यानं सांगितलं की गार पाण्यानं शिवणीवरची राळ तडकली, होडीत पाणी भरलं. पुन्हा राळ लावून ती पाण्यात घालण्याजोगी करेपर्यंत दिवस मावळला, आणि वर जाऊन बघतो तर खडक रिकामा. मग त्या अपशकुनी होडीकडे बघवेना म्हणून ती जाळून टाकली आणि उरलेली वाट पायी चालत आलो.

त्या होडीला राळ आत्यानं लावली होती.

कुणी तिला तोंडावर दोष दिला नाही. फक्त होड्या यायच्या बंद झाल्या. बायका तिला मुळं धुवायला बोलवायच्या, राळेच्या भांड्याजवळ येऊ द्यायच्या नाहीत. पुरुषांनी तिचं नाव ‘फुटकी राळ’ ठेवलं. सायलस मात्र ते नाव कधी घ्यायचा नाही. कुणी घेतलं तर मान हलवून म्हणायचा, जाऊ द्या हो, बिचारीनं मुद्दाम थोडंच केलं. त्याचा तो चांगुलपणा बघून लोक त्याला अजूनच मानायला लागले.

सात वर्षं असं चाललं. आत्याकडे राळ लावायला एक होडी नाही, आणि ही बाई दर वसंतात राळ कढवून पट्ट्या वाकवत बसलेली. पट्टी बुडवायची, वाकवायची, डोळ्यांजवळ धरून बघायची, आणि पुन्हा दुसरी घ्यायची. एकदा मी चिडून म्हणाले, बास कर आता, वेड लागेल तुला. तेव्हा ती माझ्याकडे न बघता म्हणाली, “एडिथ, मला एवढंच कळायला हवं. तो माझ्या हातानं गेला, की सायलसच्या?” मी त्यानंतर तिला कधी थांबवलं नाही.

सातव्या उन्हाळ्यात सायलस आमच्या तंबूशी आला. आत्या मुळं सोलत होती, मी बॅनक, म्हणजे आमची जाड भाकरी, भाजत होते. त्यानं तंबाखूची पुडी पुढं ठेवली आणि इकडचं तिकडचं बोलत बसला. मासे कसे मिळतात, बदकं यंदा लवकर निघतील का. मग मुद्द्यावर आला. त्यानं नवी होडी घातली होती. त्याची बायको रूथ शिवायची, पण तिच्या बोटांचे सांधे सुजून गाठी झाल्या होत्या, आरी धरवत नव्हती. साल जमिनीवर दगडांखाली दाबून ठेवली होती आणि वाळायला लागली होती. अजून चार दिवसांत शिवली नाही तर चिरेल. आत्यानं शिवून राळ लावून द्यावी, असं त्याचं म्हणणं. फक्त हे बाहेर कुणाला कळू नये. लोक उगाच काहीबाही बोलतील, तेव्हा रूथनंच केलं असं सांगू.

आत्याचे हात थांबले. माझ्या अंगातून मात्र अशी आग निघाली की हातातली बॅनक त्याच्या थोबाडावर मारावी. मी तोंड उघडलं तशी आत्यानं माझ्या पायावर पाय दिला. तिनं तंबाखू उचलला, म्हणजे काम घेतलं, आणि सायलसला म्हणाली की उद्या पहाटे येते.

तो गेल्यावर मी तिच्यावर तुटून पडले. लाज नाही का वाटत, ज्यानं तुझं नाव मातीत घातलं त्याच्या दारात जाऊन शिवणार? तिनं मला बोलू दिलं. मग म्हणाली, “डोकं वापर, पोरी. माझी राळ फुटकी असती तर स्वतःच्या होडीला लावायला तो आला असता का?”

तेव्हा मला समजलं, राळ तडकलीच नव्हती, आणि हे सायलसला पहिल्यापासून ठाऊक होतं. आत्या मात्र एकदम शांत होती. सात वर्षांत तिला एवढी शांत मी बघितली नव्हती, आणि खरं सांगते, मला तिची भीती वाटली.

चार दिवस ती सायलसकडे कनातीआड बसून शिवत होती आणि मी मुळं चिरून देत होते. तिनं कधी शिवलं नव्हतं इतकं देखणं शिवलं. रूथ शेजारी बसायची, सुजलेली बोटं मांडीत घेऊन. ती फार बोलायची नाही. नवऱ्याचं नाव निघालं की खाली बघायची. चौथ्या दिवशी राळ कढली. मी आत्याच्या कानाशी लागले आणि म्हणाले, चरबी कमी घाल. कुणाला कळणार नाही. वरच्या गार पाण्यात जाऊ दे त्याला, आणि बुडू दे.

आत्यानं माझ्याकडे नीट बघितलं. मग मला पाणी आणायला पाठवलं. मी येईपर्यंत राळेत चरबी पडून गेली होती. किती घातली विचारलं तर म्हणाली, तुझं काम मुळं चिरायचं, तेवढं कर. त्या वेळी ती पट्टी वाकवूनही बघायला बसली नाही.

दोन दिवसांनी सगळी कुटुंबं वरच्या हिवाळी रानाकडे निघायची होती. सकाळी काठावर होड्यांची रांग लागली, पोरं, कुत्री, गाठोडी, नुसता गोंधळ. सायलसनं नवी होडी पाण्यात सोडली तशी माणसं जमली. ओबेड म्हातारा, ज्याच्या शब्दाला आमच्यात मान होता, शिवणीवरून बोट फिरवत म्हणाला की रूथचा हात अजून चांगला चालतो म्हणायचा. सायलस हसला. रूथ हसली नाही.

सायलस पाय उचलून होडीत ठेवणार तेवढ्यात आत्या गर्दीतून पुढं आली.

“ओबेडबाबा, ती शिवण माझी आहे,” ती म्हणाली. “आणि राळही माझी. रूथची बोटं बघा, आरी धरता येईल का त्यांना? सायलस स्वतः माझ्याकडे आला होता, चोरून. आता बस म्हणावं त्याला होडीत. चरबी किती घातली ते फक्त मला माहीत आहे.”

सायलसचा उचललेला पाय तसाच मागं आला. तोंडचं पाणी पळालं त्याच्या. त्यानं होडीकडे बघितलं, आत्याकडे बघितलं, आणि दोन पावलं मागं सरकला. म्हणाला की ही बाई वेडी झाली आहे, मला मारायला निघाली आहे. ओबेडनं काठी जमिनीत रोवली आणि सावकाश विचारलं, “तिनं तुला का मारावं? तू काय केलंस तिचं?”

सायलस म्हणाला, काहीच नाही, हिची राळ तडकते हे सगळ्यांना ठाऊक आहे. तसा मागून कुणीतरी म्हणाला की मग तिच्याकडे गेलास कशाला. एकजण हसला, आणि त्याचं हसू लगेच विरून गेलं, कारण लोकांना आता समजायला लागलं होतं. सायलस बघत होता की कुणी आपल्या बाजूनं बोलतंय का. तेव्हा रूथ म्हणाली, “सांग त्यांना. झोपेत मला सात वर्षं सांगतोस, आता जागेपणी सांग.”

आणि त्यानं सांगितलं. एकदम नाही, तुकड्यातुकड्यानं, ओबेडनं खोदून खोदून विचारल्यावर. होडीला काही झालं नव्हतं. तळ कोरडा होता. खांद्यावर घेऊन वर न्यायची, दोरानं सोडायची, सगळं त्याला ठाऊक होतं. पण पाणी बघून त्याची पाचावर धारण बसली आणि तो काठावर बसून राहिला. माझा बाप खडकावरून त्याला नाव घेऊन हाका मारत होता. दुपार टळेपर्यंत मारत होता. मग हाका थांबल्या. मग त्यानं ती धडधाकट होडी जाळली, राळ तपासायला कुणाच्या हाती लागू नये म्हणून.

मी त्याच्या अंगावर धावून गेले असते, पण दोन बायकांनी मला धरलं. आत्यानं मात्र त्याच्याकडे बघितलंही नाही. ती नुसती म्हणत होती, तळ कोरडा होता. पुन्हा पुन्हा, स्वतःशीच. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं तिला भान नव्हतं.

मग तिनं वल्हं उचललं आणि एकटीच त्या होडीत बसली. भर प्रवाहातून पलीकडच्या काठाला गेली, वळली, परत आली. होडी काठावर ओढून तिनं ओबेडला आत हात फिरवायला लावला. म्हाताऱ्यानं तळवा वर करून सगळ्यांना दाखवला. कोरडा होता.

सायलस पुढं आला. तोंड पडलेलं, पण नजर होडीवर. त्याला वाटलं असावं की निभावलं, माफी मागावी आणि निघावं. आत्यानं होडी पालथी घातली, कमरेची आरी काढली आणि पहिल्या शिवणीत घातली.

“साल तुझी, लाकूड तुझं,” ती म्हणाली. “मुळं मी उकरली आणि राळ मी कढवली. ती मी घेऊन जाते.”

मी दुसऱ्या टोकाला बसले. चार दिवसांचं शिवणं उसवायला आम्हा दोघींना फार वेळ लागला नाही. कुणी अडवलं नाही. माणसं आपापल्या होड्यांत सामान भरायला लागली, आणि भरता भरता बघत होती. राळ कटाकट निघून पडत होती, फासळ्या मोकळ्या होऊन उसळत होत्या, आणि साल हळूहळू उघडून मातीवर सपाट झाली. खोटं कशाला बोलू, तेव्हा झालेला आनंद मला पुढं लग्नातही झाला नाही. रूथ आपलं गाठोडं उचलून गुपचूप आमच्या होडीत येऊन बसली.

सायलसला आता खरं काय ते कळलं. उघडी पडलेली साल वाळून चिरणार, नवी साल आता पुढच्या उन्हाळ्याशिवाय सुटायची नाही, आणि त्याला आपल्या होडीत घेईल असा एकही माणूस काठावर उरला नव्हता. तो आत्याच्या मागं मागं पाण्यापर्यंत आला. रडवेला झाला होता.

“जेमिमा, हिवाळाभर मी इथं करू काय?”

आत्यानं होडीत पाय ठेवला, बसली, वल्हं मांडीवर घेतलं.

“काठावर बस,” ती म्हणाली. “तुला सवय आहे.”

आणि मला म्हणाली, मार वल्हं.